पाहुण्यांचा हात

आमची पहिली भेट झाली तेव्हा आम्ही दोघंही जमिनीवर रांगत होतो.

माझ्या मशीनची सुई मोडली होती. आमच्या कारखान्यात सुई मोडली की तिचे सगळे तुकडे शोधायचे, कागदाला चिकटवायचे आणि स्टोअरच्या खिडकीवर नेऊन दाखवायचे. टोकाचा कण जरी कमी पडला तरी नवी सुई मिळत नाही, कारण तो कण शर्टात राहिला तर घालणाऱ्याला टोचेल. आम्हाला दिवसभर जे टोचतं त्याची चौकशी कुणी करत नाही, ती गोष्ट वेगळी. तर मी मशीनखाली शिरून चिंध्या आणि धाग्यांच्या गुंत्यात ते टोक शोधत होते. वर कॉलरची बंडलं साचत चालली होती आणि सुपरवायझर ताईंचा आवाज चढत चालला होता. तेवढ्यात समोरून आणखी एक डोकं खाली आलं.

"काय हरवलंय?"

"नशीब," मी म्हणाले.

"केवढं होतं?"

मी चिमटीत दाखवलं, तांदळाच्या कणीएवढं. मी चिडून बोलले होते, पण तो बिचारा मनापासून शोधायला लागला. धाग्यांचे पुंजके उचलून फुंकर मारून बघत होता. कपाळावर केस, केसांत कापसाचे तंतू... मला हसू यायला लागलं. शेवटी दोघांनीही हात टेकले. तो उठायला गेला आणि 'आई गं' म्हणत खाली बसला. सुईचं टोक पँटमधून त्याच्या गुडघ्यात शिरलं होतं.

त्याने ते बाहेर काढलं, माझ्या तळहातावर ठेवलं आणि म्हणाला, "घ्या. जरा टोचरं आहे तुमचं नशीब."

मी खळखळून हसले. आणि तेव्हाच माझं लक्ष त्याच्या गळ्यातल्या काळ्या दोरीकडे गेलं. दोरीला घड्याळ होतं, शर्यतीत दाबतात तसलं. माझं हसू जागच्या जागी थांबलं. हा नवा घड्याळवाला होता.

घड्याळवाला म्हणजे एक कॉलर शिवायला किती सेकंद लागतात ते मोजणारा माणूस. तो मशीनमागे उभा राहतो, घड्याळ दाबतो, कागदावर लिहितो, आणि त्याने लिहिलेल्या आकड्यावरून तासाला किती कॉलर झाल्या पाहिजेत ते ठरतं. तो आकडा मग वर्षभर आमच्या मानेवर बसतो. म्हणून आमच्या लाइनीचा एक नियम होता, कुठेही न लिहिलेला. घड्याळवाला मागे उभा राहिला की नेहमीच्या हाताने शिवायचं नाही. कापड एकदा जास्त सारखं करायचं, दोरा उगाच ओढून बघायचा, कॉलरच्या टोकाशी जरा थबकायचं. आळस दिसता कामा नये, काळजी दिसली पाहिजे. मावशी याला 'पाहुण्यांचा हात' म्हणायची. पाहुण्यांसमोर माणूस कसा बेताने जेवतो, तसं. एरवीचं शिवणं आणि घड्याळासमोरचं शिवणं यांच्यात जी फट राहते, त्या फटीत आम्ही पाणी पितो, बाथरूमला जाऊन येतो, पाठ सरळ करतो. आम्ही चोवीसजणी त्या फटीत जगत होतो.

मावशी माझी सख्खी मावशी नव्हे. मी घरून आले तेव्हा तिने मला आपल्या खोलीत जागा दिली, मशीनवर बसवलं, कॉलर शिकवली. कॉलरला वरून टीप मारायची आणि दोन्ही टोकं अगदी सारखी आणायची, हे जमेपर्यंत तिने मला किती वेळा उसवायला लावलं असेल, मोजदाद नाही. अठरा वर्षं ती मशीनवर होती. तिची लेक दुसऱ्या गावी नर्सिंग शिकत होती आणि ते सगळं मावशीच्या मशीनवर चाललं होतं. आता तिचे डोळे जरा दमायचे. सुईत दोरा ओवताना ती मान तिरकी करायची आणि मी शेजारच्या मशीनवरून न सांगता ओवून द्यायचे.

घड्याळवाल्याला पहिले तीन आठवडे फक्त बघून शिकायचं होतं, मोजायचं नव्हतं. जेवणाच्या सुट्टीत आम्ही जिन्यात बसायचो. खालच्या इस्त्रीच्या विभागातून गरम वाफ वर यायची आणि कपाळावरचे केस चिकटायचे. तो चार पायऱ्या खाली बसायचा. मग तीन. मग एक दिवस एकच. बटणवाली, म्हणजे आमच्या खोलीतली तिसरी, माझ्या कानात म्हणाली की हा बहुतेक पायऱ्या मोजायला शिकतोय.

"तुम्ही आमच्यावर नजर ठेवायला आलात ना?" मी त्याला विचारलं.

"नजर ठेवायला नाही... वेळ मोजायला."

"मग नजर कशाला ठेवता?"

तो लाल झाला. डब्यात तोंड खुपसून बराच वेळ एकच घास चावत बसला. मला अशी माणसं आवडतात हे मला तोपर्यंत माहीत नव्हतं.

हळूहळू कळलं, त्याची आई घरी बसून लोकांचे कपडे शिवायची. मशीनच्या आवाजातच तो वाढला. आईला सगळं यायचं, पण कॉलरचं टोक तिला कधी साधलं नाही, एक बाजू नेहमी रुसल्यासारखी दिसायची, असं तो सांगत होता. मग जरा थांबून, माझ्याकडे न बघता म्हणाला, "तुमची दोन्ही टोकं बघितली काल... आईला दाखवावीशी वाटली."

एवढंच बोलला आणि डबा धुवायला निघून गेला. कॉलरच दाखवायची होती त्याला, की आणखी काही, ते मी संध्याकाळभर स्वतःला विचारत राहिले. रात्री मावशी म्हणाली की भात तीन वेळा वाढून घेतलास, आता पातेलं तरी ठेव.

आणि मग मोजणीचा दिवस आला.

सकाळपासून लाइनीत नुसती कुजबुज होती. मावशीने मशीन सुरू करता करता सगळ्यांकडे एकदा बघितलं. तेवढं पुरेसं होतं. कॉलरसाठी त्याने माझं मशीन निवडलं. तो मागे उभा राहिला. साबणाचा वास आला. घड्याळ दाबण्याआधी जरा वाकून, फक्त मला ऐकू जाईल इतक्या हळू म्हणाला, "घाबरू नका. नेहमीसारखं शिवा."

आता मी काय सांगू? मला पाहुण्यांचा हात आठवला नाही असं नाही. आठवला होता. पण तो माणूस माझ्या पाठीशी उभा होता, त्याच्या आईला जे कधी जमलं नाही ते मला येत होतं, आणि मला त्याला दाखवायचं होतं. माझ्याजवळ दाखवण्यासारखं दुसरं होतं तरी काय? मी कॉलर उचलली आणि सुटले. कापड वळलं, टोक आलं, सुई उभी, पुन्हा वळलं, शेवटी उलटी टीप मारून पक्कं, दोरा तोडला. दुसरी. तिसरी. अशा कॉलर मी जन्मात शिवल्या नव्हत्या. पाचवी खाली टाकली तेव्हा माझ्या लक्षात आलं की शेजारचं मशीन बंद आहे. मावशी माझ्याकडे बघत होती.

मागे वळून बघितलं तर तो घड्याळ हातात धरून नुसता उभा होता. मग गडबडीने काहीतरी लिहून तो पुढच्या मशीनकडे गेला.

सोमवारी फळ्यावर नवा आकडा लागला. कॉलरला तासाला साठ होत्या, आता ब्याऐंशी. आणि कॉलर वाढल्या की त्या शर्टाला लावणाऱ्यांच्या पुढ्यात ढीग वाढतो, मग बाह्यावाल्यांच्या, मग काजं-बटणांच्या. सगळी लाइन फरफटत पळायला लागली. आठवडाभर आकडा गाठता आला नाही तर मशीन सोडून मागच्या टेबलावर धागे कापायला बसायचं, असा शेराही खाली होता. धागे कापणारीचा पगार मशीनवालीच्या जवळपाससुद्धा नसतो. हे कुणासाठी लिहिलंय ते सगळ्यांना कळलं. मी शेजारी बसून आपल्या बंडलातल्या दोन-चार कॉलर मावशीकडे सरकवू लागले, तेव्हा तिने त्या तशाच परत केल्या.

माझ्याशी कुणी भांडलं असतं तर बरं झालं असतं. कुणी भांडलं नाही. बटणवालीने फक्त विचारलं, "दिसायला बरा आहे म्हणून आम्ही चोवीसजणींनी पळायचं का गं?"

बुधवारी संध्याकाळी खोलीवर मी मावशीची पाण्याची बाटली विसळायला घेतली. बाटली भरलेली होती. सकाळी मीच भरून दिलेली, तशीच्या तशी. तिने दिवसभर पाण्याचा घोट घेतला नव्हता, कारण पाणी प्यायलं की बाथरूमला जावं लागतं आणि जाऊन येण्यात सहा कॉलर जातात. तरी ती त्र्याहत्तरवरच अडकली होती. मावशी भिंतीकडे तोंड करून पडली होती आणि तिचे ओठ सुकून फुटले होते. मला रडू फुटलं. मी नळ मोठा सोडून रडले.

दुसऱ्या दिवशी जिन्यात मी त्याला गाठलं. आज आम्ही एकाच पायरीवर होतो, पण दोघंही उभे.

मी त्याला सगळं सांगितलं. पाहुण्यांचा हातही सांगितला, जो घड्याळवाल्याला सांगायचा नसतो. मग म्हणाले, पुन्हा मोजा. तो म्हणाला की एकदा सही झालेला आकडा तसा बदलत नाही. पहिली मोजणी चुकली असं कुणीतरी लिहून दिलं तरच दुसरी होते.

"मग मी लिहून देते. उलटी टीप मारलीच नाही म्हणून सांगते. ती वगळली म्हणून हात लवकर सुटला."

"खोटं आहे ते. प्रत्येक टोकाला होती टीप. मी बघितलंय."

"बघितलंय ते सांगू नका ना मग."

"तुम्हाला काढून टाकतील," तो म्हणाला. "तुम्ही काही करू नका. मला उद्यापर्यंत वेळ द्या."

वेळ, म्हणे. मावशीकडे दोन दिवस उरले होते. मी सुट्टी संपायच्या आत प्रॉडक्शनच्या मॅडमच्या केबिनमध्ये जाऊन उभी राहिले आणि डोळे मिटून खोटं बोलले. मॅडमनी चष्मा वर केला, माझ्याकडे बघितलं, आणि सुपरवायझर ताईंना घड्याळवाल्याला बोलवायला सांगितलं. ताई त्याला घेऊन आल्या आणि स्वतः दारातच रेंगाळल्या. त्यांना कानकोंडं झालं होतं असं म्हणवत नाही, कारण कान चांगले टवकारलेले होते.

"ही म्हणते, हिने उलटी टीप मारली नाही. तू बघितलं नाहीस?" मॅडमनी विचारलं.

त्याने माझ्याकडे बघितलं. मी मान हलवत होते, नको, नको म्हणून.

"मारली होती, मॅडम. काम चोख होतं. चूक माझी आहे. नियमाने वीस कॉलर मोजायच्या असतात. मी पाचच मोजल्या... आणि त्यावर आकडा काढला. सहाव्या कॉलरला घड्याळ दाबायचं विसरलो."

"विसरलास? का?"

"बघत होतो."

"काय बघत होतास?"

केबिनची काच थरथरत होती, बाहेर शंभर मशीन चालत होती. तो आधी जमिनीकडे बघून बोलला. "त्यांचे हात." मग मान वर केली. "हात नाही, मॅडम. त्यांनाच बघत होतो."

दारात ताईंच्या हातातलं रजिस्टर पडलं.

मॅडमनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "तुला मोजायला ठेवलंय की बघायला?"

"दोन्ही एका वेळी जमत नाही, म्हणून तर सांगतोय."

"आणि तू? टीप मारली होतीस?"

"...मारली होती," मी म्हणाले.

मॅडम दोघांकडे आळीपाळीने बघत राहिल्या. मग स्वतःशीच बोलल्यासारख्या म्हणाल्या की वीस वर्षांत नोकरी वाचवायला खोटं बोलणारे पुष्कळ बघितले, ती घालवायला एक खोटं बोलतंय आणि दुसरा खरं बोलतोय, हे मात्र पहिल्यांदा. त्यांनी हात पुढे केला. त्याने गळ्यातली दोरी काढून घड्याळ त्यांच्या तळहातावर ठेवलं. त्याची रवानगी तळमजल्यावर पॅकिंगला झाली, खोकी उचलायला. पगारही तिथलाच. मला ताकीद मिळाली. आणि पुन्हा मोजणी होणार, शुक्रवारी, दुसऱ्या मजल्यावरच्या जुन्या घड्याळवाल्याकडून, पुरे वीस नग आणि तेही तीन वेगवेगळ्या मशीनांवर, असं मॅडमनी तिथल्या तिथे लिहून दिलं.

चहाच्या सुट्टीपर्यंत सगळ्या कारखान्याला कळलं होतं. ताईंनी कुणाला सांगितलं नाही असं त्या शपथेवर सांगतात.

शुक्रवारी माझ्यामागे ते म्हातारे घड्याळवाले उभे राहिले. मी कापड सारखं केलं. पुन्हा सारखं केलं. दोरा ओढून बघितला, टोकाशी इतक्या मायेने थबकले की त्यांना वाटलं असेल, ही मुलगी कॉलरला झोपवतेय. फसवणूक म्हणायची तर खुशाल म्हणा. संध्याकाळी फळ्यावर त्रेसष्ट लागले. मावशीने बाटली उघडली आणि घटाघटा अर्धी संपवली.

पण ती माझ्याशी बोलली नाही. आकडा उतरला, तिचं मशीन राहिलं, बाकीच्या हळूहळू थट्टेवर आल्या. मावशी मात्र जेवायला वाढायची, उठवायची, सगळं गप्प राहून. ते मला फार लागायचं.

पुढचा पंधरवडा तो मला दिसला तो खोक्यांच्या मागून. खांद्यावर खोकं, मान वाकडी, शर्ट घामाने भिजलेला. जेवणाच्या सुट्टीत जिन्यात यायचा, पण आता पुन्हा चार पायऱ्या खाली बसायचा. एक दिवस मीच तीन पायऱ्या उतरले.

"खांदा दुखतो का?" मी विचारलं.

"दुखतो. पण इथे काही मोजावं लागत नाही." मग जरा वेळाने, "तुम्हाला एक विचारायचं होतं. आता माझ्याकडे ना हुद्दा, ना धड पगार... म्हणजे विचारू नये खरं तर. पण मला तुम्ही फार आवडता. त्या दिवशी केबिनमध्ये मॅडमना सांगितलं, तुम्हाला सांगायचं राहूनच गेलं."

खालून वाफ आली. बरं झालं, माझे डोळे भरले होते ते त्यात खपून गेलं. मलाही तो आवडत होता, फार आवडत होता, इतका की अंगात हुडहुडी भरावी. पण ओठावर आलेला होकार मी गिळला.

"मला विचारू नका. मावशीला विचारा."

"त्यांनी हाकललं तर?"

"तर पुढच्या रविवारी पुन्हा या."

तो त्याच रविवारी आला. दुपारी, धुतलेला शर्ट घालून, तेल लावून केस चापून बसवलेले. बटणवालीने दार उघडलं आणि हसू दाबायला तोंडात रुमाल कोंबून मोरीकडे पळाली. आमची खोली म्हणजे तीन गाद्यांची जागा. मावशी जमिनीवर बसून लेकीचा पांढरा ड्रेस उसवून मोठा करत होती, पोरगी अंगाने भरली होती म्हणून. तो आत येऊन तिच्या मागे उभा राहिला आणि उभ्या उभ्याच बोलायला लागला.

म्हणाला, माझ्यामुळे तुमचं मशीन जाणार होतं. तुम्ही पाणी पीत नव्हता हे मला नंतर कळलं. घड्याळात सेकंद दिसतात, तहान दिसत नाही, हे मला आधी समजायला हवं होतं. मी माफी मागायला आलोय. दुसरंही काही मागायला आलोय, पण आधी हे.

मावशीने टीप उसवणं थांबवलं नाही. मी भिंतीला टेकून उभी होते आणि माझा जीव टांगणीला लागला होता. तिने नाही म्हटलं असतं तर मी त्याला परत पाठवलं असतं, हे मला तेव्हा पक्कं ठाऊक होतं.

ती टीप पुरी उसवून मावशीने मान वर केली. आधी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. पंधरा दिवसांत पहिल्यांदा.

"ही पोर मूर्ख आहे," ती म्हणाली. "पण काम हिचं चोख आहे, हे तू खरं सांगितलंस. स्वतःचं वाटोळं करून सांगितलंस."



मावशीने पांढऱ्या ड्रेसचा घोळ आवरून आपल्याकडे ओढला आणि चटईवर जागा केली.

"बस खाली," ती म्हणाली. "बायकांच्या मागे उभं राहून बघायचे दिवस संपले तुझे. आता बघायचं तर समोर बसून बघ."

तो मांडी घालून बसला, माझ्या अगदी समोर. मावशी त्याच्याकडे त्याच्या आईची चौकशी करू लागली, घरी कोण कोण, तब्येत कशी. तो उत्तरं देत होता आणि माझ्याकडे बघत होता. हातात काही काम नसताना मीही पहिल्यांदाच त्याच्याकडे बघितलं, अगदी निवांत, पोटभर.